गाभाऱ्यातला नाद आणि गावाचा काळ

(मंदिर जीर्णोद्धार व कलशारोहण समारंभानिमित्त झालेल्या व्याख्यानाचा मजकूर)



जुने देऊळ आहे आणि त्याच्याखालच्या भुयाराची गोष्ट नाही, असे गाव मराठी मुलखात विरळाच. कोणी सांगतो, भुयार थेट नदीला निघते. कोणी सांगतो, डोंगरावरच्या किल्ल्यात. आत गेलेला माणूस परत आला नाही, हेही त्या गोष्टीत असतेच. याच गोष्टीला आणखी एक पदर जोडून पाहावा. जमिनीच्या पोटात एक देऊळ आहे, असे समजावे. तिथे घंटेचा एक टोल पडला की आतल्या माणसाला क्षणभरच गेल्यासारखे वाटते, आणि तो वर येऊन पाहतो तो नातवंडे म्हातारी झालेली! ऐकणारा हसेल आणि म्हणेल, ही भाकडकथा.

भाकडकथा खरी, पण तिचे बीज फार जुने आहे. भागवतात कुशस्थलीचा राजा ककुद्मी याची कथा येते. आपली कन्या रेवती हिला योग्य वर कोण, हे विचारण्यासाठी तो तिला घेऊन ब्रह्मलोकी गेला. तिथे गंधर्वांचे गायन चालले होते. गाणे संपेपर्यंत बापलेक क्षणभर थांबली. गाणे संपल्यावर राजाने प्रश्न केला, तेव्हा ब्रह्मदेव हसले. तेवढ्या वेळात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे उलटून गेली होती, आणि राजाने मनात धरलेल्या वरांचे नावसुद्धा उरले नव्हते. पुढे रेवतीचा विवाह बलरामाशी झाला, हे सर्वांना ठाऊकच आहे. नादात रमलेल्याला काळाचे भान राहत नाही, हा अनुभव या कथेच्या मुळाशी आहे. रात्रभर भजनात बसलेल्या माणसाला तो कोणी शिकवावा लागत नाही.

आज देवळाचा कळस चढत असताना हा विषय मुद्दाम घेतला आहे. जीर्णोद्धारात भिंती, शिखर, फरशी, रंग यांचा हिशेब सगळीकडे होतो. देवळाच्या आवाजाचा हिशेब मात्र सहसा कोणी करीत नाही. आणि तोच बिघडला, तर तो बिघडला हे फार उशिरा ध्यानात येते.

प्रथम जमिनीच्या पोटातल्या काळाविषयी. मिशेल सिफ्र नावाचा एक तरुण फ्रेंच भूवैज्ञानिक १९६२ साली आल्प्स पर्वतातल्या स्कारासोन येथील एका खोल गुहेत सुमारे दोन महिने एकटा राहिला. बरोबर घड्याळ नाही, सूर्यप्रकाश नाही, बाहेरचा आवाज नाही. वर टेलिफोन जोडलेला होता. पण वरच्या मंडळींनी त्याला तारीख वा वेळ सांगायची नाही, असे ठरले होते. १४ सप्टेंबरला त्याला बाहेर काढले, तेव्हा त्याच्या हिशेबाने ऑगस्टची २० तारीख होती. पंचवीस दिवस कुठे गेले, ते त्याचे त्यालाच कळले नाही. सेकंदाला एक याप्रमाणे तो एकशेवीसपर्यंत आकडे मोजी. हे काम दोन मिनिटांचे. त्याला पाच मिनिटे लागत. जिथे सूर्य पोचत नाही, तिथे माणसाचा काळ असा सैल पडतो. भुयारात गेलेला माणूस हरवला, या गावोगावच्या गोष्टीत तेवढे सत्य निश्चित आहे.

आता गाभाऱ्याकडे पाहावे. गाभारा म्हणजे बांधलेली गुहाच. खिडकी नाही, दार एकच आणि तेही ठेंगणे, भिंती हात-दोन हात जाडीच्या, आणि उजेड समईचा. अंबरनाथच्या शिवालयात शके ९८२, म्हणजे इ. स. १०६० चा शिलालेख आहे. तिथे सभामंडपातून सुमारे वीस पायऱ्या खाली उतरल्यावर पिंडीचे दर्शन होते. पायरी पायरी उतरताना बाहेरचे ऊन मागे राहते, आणि त्याच्याबरोबर बाहेरची घाईही मागे राहते. अशा जागी दिवस कळायचा कसा? तो नादाने कळवायचा. काकडआरती झाली म्हणजे पहाट, धूपारती झाली म्हणजे दिवेलागण, शेजारती झाली म्हणजे देवाला नीज आणि गावालाही नीज. सूर्य गाभाऱ्यात येत नाही, म्हणून घंटा आणि नगारा तिथे सूर्याचे काम करतात.

आणि ते काम केवळ देवापुरते नव्हते. घड्याळ घरोघर नव्हते तेव्हा गावाचा दिवस देवळाच्या नादावर बांधलेला असे. काकड्याचे टाळ ऐकू आले की जात्यावर बसायचे, सांजेचा चौघडा झडला की गुरे गोठ्यात आली पाहिजेत. या जुन्या व्यवस्थेची खूण भाषेत अजून उरली आहे. बुडाशी बारीक भोक असलेली तांब्याची वाटी पाण्याने भरलेल्या घंगाळात सोडीत. ती भरून बुडायला चोवीस मिनिटे लागत; ती एक घटका. अशा साठ घटकांचा एक अहोरात्र. लग्नाच्या मांडवात भटजी हेच घटिकापात्र पाण्यात सोडून मुहूर्त साधीत. ‘त्याची घटका भरली’ हा शब्दप्रयोग त्या बुडणाऱ्या वाटीतून आला आहे. टोल देण्याच्या धातूच्या थाळीला तास म्हणत, आणि साठ मिनिटांनाही तासच म्हणतात. हिंदीत ‘घंटा’ या एकाच शब्दाने घंटा आणि तास दोन्ही कळतात. इंग्रजांच्या ‘क्लॉक’ या शब्दाच्या मुळाशीही घंटाच आहे. एवढ्या लांबच्या भाषांनी एकच साक्ष द्यावी, हा काही योगायोग नव्हे. माणसाला वेळ दिसू लागण्याआधी ती ऐकू येत होती.

१७३९ साली चिमाजीअप्पांनी वसई घेतली. त्यानंतर पोर्तुगीज चर्चमधल्या घंटा मराठी मुलखातल्या देवळांत आल्या. नाशिकचे नारोशंकराचे देऊळ, वाईजवळचे मेणवली आणि भीमाशंकर इथे त्या आजही पाहायला मिळतात. चर्चमध्ये त्या प्रार्थनेची वेळ सांगत. देवळात आल्यावरही त्यांनी हेच काम चालू ठेवले. धर्म बदलला, भाषा बदलली, टोलाचा अर्थ बदलला नाही: वेळ झाली, या.

इथपर्यंत नाद काळ सांगतो, एवढे झाले. याहून खोल गोष्ट अशी की नाद काळाची चालही बदलतो. ते कसे, हे बराबरच्या लेण्यांत चांगले कळते. बिहारमध्ये गयेच्या उत्तरेस बराबर आणि नागार्जुनी या टेकड्या आहेत. तिथल्या कठीण खडकात कोरलेल्या गुहा भारतातल्या कोरीव लेण्यांत सर्वांत जुन्या मानल्या जातात. त्यांतल्या दोन गुहा सम्राट अशोकाने राज्याभिषेकाच्या बाराव्या वर्षी आजीवक पंथाच्या साधूंना दिल्या. नागार्जुनीवरच्या तीन गुहा त्याचा नातू दशरथ याने दिल्या. पावसाळ्यात साधूंना निवारा मिळावा, हा हेतू. त्या भिंती इतक्या घोटल्या आहेत की आरशासारखी चमक आजही टिकून आहे. आत उच्चारलेला शब्द त्या भिंतींवर आपटत, घुमत राहतो. लवकर मरत नाही. इ. एम. फॉर्स्टर या इंग्रज लेखकाने १९२४ साली ‘अ पॅसेज टु इंडिया’ ही कादंबरी लिहिली. त्यातल्या ‘मराबार’ नावाच्या काल्पनिक गुहा याच बराबरवरून सुचलेल्या आहेत. आत काहीही बोलले तरी एकच एक घुमार परत येतो, आणि तो ऐकून एक वृद्ध इंग्रज बाई मनातून पार हादरून जाते, असे त्यात दाखवले आहे. जो घुमार तिला भयाण वाटला, त्याच घुमारात साधूंनी चातुर्मास काढले. भिंत तीच, फरक ऐकणाऱ्याच्या तयारीत आहे.

समुद्रापलीकडेही हेच आढळते. दक्षिण अमेरिकेतल्या पेरू देशात चाविन दे हुआंतार नावाचे सुमारे तीन हजार वर्षांपूर्वीचे देवस्थान आहे. त्याच्या पोटात अंधाऱ्या, वळणावळणाच्या दगडी गल्ल्या आहेत. २००१ साली तिथल्या एका गल्लीत वीस कोरीव शंख उत्खननात सापडले, फुंकण्यासाठी तयार केलेले! समुद्रापासून दूर, दहा हजार फुटांहून अधिक उंचीवर, डोंगरात ते शंख मुद्दाम आणलेले होते. ज्यांना हिंदुस्थानचे नावही ठाऊक नव्हते त्या लोकांनी दगडाच्या अंधारात शंखच फुंकला, हे ऐकून कोणाही वारकऱ्याला नवल वाटेल. अंधार, दगड आणि नाद यांचे नाते माणसाने ठिकठिकाणी स्वतंत्रपणे ओळखले.

या नात्यामागचे शास्त्र वॉलेस सबाइन या अमेरिकन प्राध्यापकाने शोधले. १८९५ साली हार्वर्ड विद्यापीठातल्या एका नव्या व्याख्यानगृहात वक्त्याचे बोलणेच कळेना. एक शब्द साडेपाच सेकंद रेंगाळे. तेवढ्यात पुढचे दहा-बारा शब्द त्याच्यावर येऊन पडत. सबाइनने शेजारच्या नाट्यगृहातल्या बैठकीच्या गाद्या रात्री उचलून आणल्या, त्या मांडून आवाज किती वेळ टिकतो ते मोजले, आणि पहाटे त्या परत नेऊन ठेवल्या. असे कित्येक रात्री केल्यावर त्याला नियम सापडला. खोली जितकी मोठी तितका आवाज जास्त वेळ राहतो. आणि आवाज पिऊन टाकणाऱ्या वस्तू जितक्या जास्त तितका तो लवकर विरतो. त्याचे माप होते उघडी खिडकी, कारण उघड्या खिडकीतून गेलेला आवाज परत येत नाही.

हा नियम गाभाऱ्याला लावून पाहावा. दहा फूट लांब, दहा फूट रुंद, दहा फूट उंच असा दगडी गाभारा धरला. दार लावलेले, आत पुजारी एकटा. सबाइनच्या हिशेबाने त्याच्या तोंडचा ओंकार पुरा विरायला सुमारे चार सेकंद लागतात. बारा चौरस फुटांचे दार उघडले की तेच दोन सेकंदांवर येते. दहा माणसे आत येऊन उभी राहिली की पाऊण सेकंदही राहत नाही. माणसांची अंगे आणि कपडे आवाज पिऊन टाकतात. म्हणून पहाटेचा एकटा पुजारी सावकाश म्हणतो. त्याने घाई केली तर त्याचाच मागचा शब्द पुढच्या शब्दावर चढतो, आणि दगडच त्याला थांबवतो. संध्याकाळी गर्दीत तीच आरती टाळ्यांच्या ठेक्यावर भराभर चालते, आणि ती तशी चालली तरी शब्द कळतात. म्हणजे आरतीची लय केवळ म्हणणाऱ्याच्या हाती नसते. भिंती आणि भक्त मिळून ती ठरवतात. भुयारातल्या घंटेने काळ थांबतो ही कल्पना खरी नसेल. पण दगडातला नाद माणसाला थांबवतो, हे सेकंदात मोजता येते.

आता कामाचे बोलावे. थोडी रोखठोक भाषा झाली तर ग्रामस्थांनी राग मानू नये.

अलीकडे जीर्णोद्धार म्हटला की गाभाऱ्याला खालपासून वरपर्यंत चकचकीत टाइल्स बसवतात. पुसायला सोपे, दिसायला नवे, हे खरे. परंतु टाइल आवाज जवळजवळ पीत नाही, आणि समोरासमोरच्या गुळगुळीत भिंतींत टाळीचा आवाज खडखडत राहतो. घुमार आणि खडखडाट यांत फरक आहे. शिवाय जुन्या दगडी भिंतीतला ओलावा टाइलमागे कोंडतो. तैलरंगाचेही तेच. चुन्याचा गिलावा भिंतीला श्वास घेऊ देतो आणि आवाजाची धारही थोडी मऊ करतो. जिथे दगड चांगला आहे तिथे रंग काळजीपूर्वक काढून दगड मोकळा करावा आणि सांधे चुन्याने भरावेत. देऊळ संरक्षित स्मारक असेल, तर पुरातत्त्व खात्याच्या परवानगीवाचून यातले काहीच करता येत नाही, हेही ध्यानात असावे.

सभामंडपाची गोष्ट वेगळी. गाभाऱ्यात नाद टिकावा, मंडपात शब्द कळावा. जुन्या मंडपाला लाकडी तुळया, लाकडी छत आणि बाजू मोकळ्या असत. त्यामुळे कीर्तनकाराचा शब्द शेवटच्या बाईपर्यंत स्वच्छ जाई. त्याजागी स्लॅब, चारी बाजूंनी बंद भिंती आणि खाली गुळगुळीत फरशी आली की मंडप सबाइनच्या त्या व्याख्यानगृहासारखा होतो. मग शब्द कळत नाही म्हणून कर्णा मोठा करतात, आणि कर्णा मोठा केला की शब्द आणखी कळत नाही! त्यावर उपाय खर्चाचा नाही. बाजू मोकळ्या ठेवाव्यात, शक्य तिथे लाकूड राखावे, सतरंज्या अंथराव्यात, आणि एका मोठ्या कर्ण्याऐवजी लहान कर्णे श्रोत्यांजवळ हळू आवाजात लावावेत. २००० सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांनुसार रात्री दहा ते सकाळी सहा या वेळेत उघड्यावर कर्ण्याला मनाई आहे. पहाटेचा काकडा मुखाने आणि टाळांनीच शोभतो, आणि शेकडो वर्षे तो तसाच झाला आहे.

तिसरी गोष्ट विजेवर चालणाऱ्या नगारा-घंटेची. बटण दाबले की नगारा, झांज, घंटा एकदम सुरू. माणूस लागत नाही. सोय आहे, यात शंका नाही, आणि गावात तरुण हात उरले नाहीत ही अडचणही खोटी नाही. पण त्या यंत्राची चाल एकच. गाभारा रिकामा असो वा भरलेला, पहाट असो वा सांज, ते तेवढेच झडते. माणसाचा हात भिंतीचा घुमार ऐकून पुढचा टोल देतो. यंत्र ऐकत नाही. आणि दुसरे असे की नगाऱ्याची पाळी असते. आज या घराची, उद्या त्या घराची. पाळी गेली की काळ सांगण्याचे काम गावाच्या हातून सुटते, आणि गाव आपल्याच देवळात पाहुणे होते. यंत्र ठेवायचेच असेल तर नडीला ठेवावे. निदान काकडआरती आणि शेजारती या दोन वेळा हाताने व्हाव्यात, आणि पाळीची यादी मंडपात लावावी. शाळेतल्या मुलामुलींना त्या पाळीत घ्यावे. ज्याने लहानपणी एकदा पहाटेचा टोल दिला, तो मुंबईला वा परदेशी गेला तरी त्याच्या कानातून ते देऊळ जात नाही.

काम पुरे झाल्यावर सोपी परीक्षा घेता येईल. गर्दी नसताना गाभाऱ्याच्या मध्यभागी उभे राहून एकच टाळी वाजवावी आणि मुकाट्याने ऐकावे. आवाज सावकाश, एकसारखा विरला तर काम चांगले झाले. तो खडखडत परतला तर कुठेतरी चुकले, आणि दुरुस्ती वेळेत करता येईल. ही परीक्षा पुढच्या कामांत आधीही घ्यावी आणि नंतरही.

शेवटी देणगीदारांविषयी. कार्ल्याचे चैत्यगृह सुमारे दोन हजार वर्षांपूर्वी कोरले गेले. आत सुमारे एकशे चोवीस फूट लांबीचा दगडी मंडप, आणि छताला त्या काळच्या लाकडी फासळ्या आजही जागच्या जागी आहेत. तिथे देणगीदारांचे लेख आहेत. वैजयंतीच्या भूतपाल शेठीने चैत्यगृह पुरे केल्याचे कोरले आहे. धेनुकाकट गावच्या लोकांनी एकेक खांब दिला. त्यांत यवन म्हणवणारेही होते. कोणी एकट्याने डोंगर कोरला नाही. खांबा-खांबाने मंडप उभा राहिला. या देवळाच्या पावतीपुस्तकातही मोठ्या रकमांच्या शेजारी पायलीभर धान्याची आणि चार दिवसांच्या श्रमदानाची नोंद असली पाहिजे. तोही खांबच आहे.

नागार्जुनीच्या लेखांत दशरथ राजाने आपले दान चंद्र-सूर्य असेतोवर राहावे अशी इच्छा कोरली आहे. आजीवक पंथ काळाच्या ओघात नाहीसा झाला. राजाचे राज्य गेले. गुहा राहिली, आणि तिच्यातला घुमार राहिला. कोनशिलेवरची नावे ऊन-पावसाने पुसट होतात; ती पुन्हा रंगवावी लागतात. पण नीट राखलेल्या गाभाऱ्यातला नाद रोज पहाटे नवा होतो, आणि त्यात प्रत्येक दात्याचा वाटा असतो.

ज्यांनी या कार्यास धन दिले, श्रम दिले, धान्य दिले, त्या सर्वांना श्रीकृपेने उदंड आयुरारोग्य लाभो. गावच्या लेकरांना पहाटेच्या काकड्याने जाग येवो, शेजारतीने शांत झोप येवो, आणि या गाभाऱ्यातला नाद पुढच्या पिढ्यांच्या कानी असाच सावकाश विरत राहो.

शुभं भवतु.